डाक न लावता रवा बसवायचा: एट्रुस्कन पद्धतीची एक चकती

आधीच सांगतो, मी सोनार नाही. चाळीस वर्षं घड्याळं उघडून बसलो. डोळ्याला भिंग आणि हातात चिमटा, एवढंच माझं शिक्षण. निवृत्तीनंतर लेकीने रोमला नेलं, आणि व्हिला जुलियाच्या संग्रहालयात, रोमजवळच्या पालेस्त्रिनाच्या थडग्यांतल्या सोन्यासमोर उभा राहिलो तेव्हा हात आपोआप खिशातल्या भिंगाकडे गेला. लेक म्हणाली, "बाबा, इथे नको." तोवर माझं नाक काचेला टेकलेलं होतं आणि रखवालदार दोन पावलं पुढे आला होता.

समोर सोन्याची एक पट्टी होती. तिच्यावर रांगेने चालणारे इवलेसे प्राणी, आणि त्यांच्या अंगावर रेघा मारल्यासारखे सोन्याचे रवे, म्हणजे बारीक गोळे. रोमनांच्या आधी इटलीत नांदलेल्या एट्रुस्कन लोकांचं, इसवी सनापूर्वीच्या सातव्या शतकातलं काम. मी त्यात डाक, म्हणजे दोन भाग जोडायला मध्ये वितळवतात तो मिश्रधातू, शोधत होतो. घड्याळाच्या कवचाला कडी जोडली तरी जोडाच्या बुडाशी डाकेचा उतार दिसतो, पाणी कडेला चढावं तसा. इथे तो नव्हता. रवा पत्र्यावर टेकलेला, मध्ये केसभर मान आणि बाजूला मोकळी सावली. मग हा बसला कसा?

त्या प्रश्नापायी पुढची तीन वर्षं गेली. आज मला अठरा मिलिमीटरची एक चकती करता येते, तिच्यावर रव्यांचे त्रिकोण. सिंह अजून जमत नाही. पण चकतीपर्यंत कसं पोचायचं ते मी सांगू शकतो.

आधी धातूचं बघा, कारण निम्मे लोक इथेच फसतात. सगळा खेळ दोन तापमानांमधल्या फटीचा आहे. शुद्ध सोनं १०६४ अंश सेल्सिअसला वितळतं आणि तांबं १०८५ला. पण दोन्ही एकमेकांना टेकली आणि मिसळू लागली की त्यांचं मिश्रण ९००च्या आसपासच पातळ होतं. म्हणजे रवा आणि पत्रा दोन्ही अजून घट्ट असतात आणि फक्त जिथे तांब्याचा अंश आहे तिथे, त्या एका ठिपक्यात, सोनं क्षणभर ओलं होतं. तीच ती केसभर मान. तांबं मग सोन्यात मुरून जातं आणि रंगातही त्याचा माग राहत नाही.

म्हणून बाजारातलं तांबं मिसळलेलं सोनं इथे नको. ते स्वतःच लवकर वितळतं आणि फट बुजते. मी सोन्यात दहावा हिस्सा चांदी घालतो. चांदीने वितळण्याचा अंक फारसा खाली येत नाही, हजाराच्या वरच राहतो. नदीतून किंवा खाणीतून मिळणाऱ्या सोन्यातही चांदी असतेच, त्यामुळे जुन्या कारागिरांना हे मिश्रण आयतंच हाती पडायचं.

पहिले सहा महिने मात्र सोन्याला हात लावू नका. शुद्ध चांदीवर सराव करा. चांदी ९६२ला वितळते आणि चांदी-तांब्याचं मिश्रण ७७९ला. तीच फट, तीच युक्ती, फक्त चूक स्वस्त पडते. माझ्या पहिल्या अकरा चकत्या चांदीच्या होत्या. त्यातल्या नऊ परत मुशीत गेल्या.

आता रवे. हे काम सगळ्यांत सोपं, आणि बघायला सगळ्यांत गमतीचं. बारीक तार घ्या, तिचे बारीक तुकडे करा. तुकडा तारेच्या जाडीइतकाच लांब कापला तर त्याचा गोळा तारेच्या जाडीपेक्षा थोडाच मोठा होतो. ०.२ मिलिमीटरच्या तारेतून साधारण ०.२३ मिलिमीटरचा रवा मिळतो. मुशीच्या तळाशी कोळशाची पूड पसरा, तिच्यावर तुकडे एकमेकांना न लागतील असे भुरभुरा, पुन्हा पूड, पुन्हा तुकडे. पाच-सहा थर झाले की वरून पुडीचं जाड पांघरूण घाला. मूस ११०० अंशांपर्यंत तापवा, थोडा वेळ तिथेच ठेवा आणि मग न हलवता थंड होऊ द्या. वितळलेल्या थेंबाला गोल व्हायचंच असतं. कोळसा त्याला शेजाऱ्याला चिकटू देत नाही आणि हवाही लागू देत नाही.

मूस थंड झाली की सगळं पाण्यात ओता, साबणाचा एक थेंब टाका. कोळसा वर तरंगतो, सोनं तळाशी बसतं. वाळवून चाळणीने मापं वेगळी करा. चाळणीतूनही लांबट रवे निसटतात, म्हणून माझी एक घरगुती युक्ती: काचेवर गुळगुळीत कागद ठेवून जरा तिरका करायचा आणि वरून रवे सोडायचे. गोल असतात ते घरंगळत खाली जातात, वेडेवाकडे अडून बसतात. अडलेले परत मुशीत.

रव्याचं माप किती धरायचं? सुरुवातीला ०.४, मग ०.३. एक ग्रॅम सोन्यात पाव मिलिमीटरचे साडेसहा हजारांच्या आसपास रवे होतात, त्यामुळे धातूला तोटा नसतो, तोटा डोळ्यांना. एट्रुस्कन लोक ०.२ मिलिमीटरच्याही खाली जायचे. व्हेतुलोनिया या एट्रुस्कन नगरातल्या कारागिरांनी तर रव्यांची जवळपास धूळच केली आणि ती धूळ भरून प्राण्यांच्या सावल्या उठवल्या. साध्या डोळ्यांना ती जागा नुसती मखमलीसारखी मंद दिसते. तिथे रवे आहेत हे भिंग लावल्यावरच कळतं. आणि काम करणाऱ्याकडे भिंग होतं की नव्हतं, यावर मी रात्र-रात्र विचार केलेला आहे.

आता येतो गोंद. यावर जरा थांबायला हवं.

१८३६ मध्ये रोमच्या वायव्येला चेर्वेतेरी इथे रेगोलिनी-गालास्सी म्हणून ओळखलं जाणारं थडगं उघडलं. त्यातली सोन्याची मोठी पिन आज व्हॅटिकनच्या संग्रहालयात आहे. जवळजवळ वीतभराहून मोठी, वरच्या चकतीवर पाच सिंह, खालच्या भागावर बदकांच्या रांगा, आणि त्यावर रवेकाम. रोमचा सोनार फोर्तुनातो पिओ कास्तेल्लानी आणि त्याची मुलं अलेस्सांद्रो आणि औगुस्तो या कामाने झपाटली. जुनी रीत कुठे जिवंत असेल म्हणून त्यांनी मार्के प्रांतातल्या सांत'आंजेलो इन व्हादो या डोंगराळ गावातले कारागीर शोधून आणले. डाकेचा पिठासारखा बारीक कीस करून वापरला, डाक नीट वाहावी म्हणून लावतात त्या टाकणखाराऐवजी आर्सेनिकचे क्षार वापरले. काम देखणं झालं, जगभर विकलं गेलं, पण सर्वांत बारीक रव्यापर्यंत ते पोचले नाहीत. डाक कितीही बारीक केली तरी ती वितळून रव्यांच्या फटीत शिरतेच. हे मी त्यांच्यावर टीका म्हणून सांगत नाही. मीही आधी डाकच लावून पाहिली होती आणि माझा त्रिकोण भाताच्या ढेकळासारखा झाला होता.

उत्तर खरं तर समोरच लिहून ठेवलेलं होतं. वेसुव्हियसच्या उद्रेकात इ.स. ७९ मध्ये मेलेला रोमन लेखक प्लिनी सांगून गेला आहे, की सोनार सोनं चिकटवायला एक लेप करतात: सायप्रसच्या तांब्याचा हिरवा गंज, त्यात लहान मुलाचं मूत्र आणि सोडा, आणि हे सगळं तांब्याच्याच खलात घोटायचं. रोमन त्याला सांतेर्ना म्हणत. ग्रीकांचा शब्द आणखी सरळ आहे: क्रिसोकोल्ला, म्हणजे सोन्याचा डिंक. मॅलाकाइट या तांब्याच्या हिरव्या खनिजालाही ते हेच नाव देत. १९३०च्या दशकात इंग्रज कारागीर लिटलडेल याने तांब्याचा क्षार आणि सेंद्रिय डिंक एकत्र करून हे गणित पुन्हा मांडलं आणि त्याचं पेटंटही घेतलं. त्याच सुमारास जर्मनीत एलिझाबेथ ट्रेस्को हिनेही रवेकाम पुन्हा हाती आणलं.

घडतं ते असं. तापल्यावर हिरवा क्षार काळा होतो, म्हणजे तांब्याचं ऑक्साइड तयार होतं. डिंक जळून त्याचा कोळसा होतो. आणखी तापल्यावर तो कोळसा ऑक्साइडमधला ऑक्सिजन ओढून घेतो आणि उरतं नुसतं तांबं, धुळीपेक्षा बारीक, नेमकं रव्याच्या बुडाशी. मग वर सांगितलेली फट आपलं काम करते. डिंक फक्त रवा धरून ठेवायला असतो असं मी आधी समजत होतो. तो जळतो म्हणूनच जोड होतो, हे कळायला मला एक वर्ष लागलं.

मुलाच्या मूत्राची गरज नाही. मी मॅलाकाइटची पूड घेतो, ती खलात पाण्याबरोबर तासभर घोटतो आणि बिहीच्या बियांचा चीक किंवा सरस पातळ करून त्यात मिसळतो. ताकासारखं पातळ हवं, दह्यासारखं नको. पूड घेताना एक खबरदारी घ्या. एका रंगविक्रेत्याने मला मॅलाकाइट म्हणून रंगवलेला खडू दिला होता आणि मी दोन आठवडे स्वतःच्या हाताला दोष देत बसलो. चिमूटभर पूड जुन्या चमच्यात तापवा. खरी असेल तर काळी पडते आणि काळीच राहते. खडू शेवटी पांढरा होतो. पूड घोटताना तोंडाला मुखपट्टी लावा, तांब्याचे क्षार पोटात जाणं बरं नाही. आणि कास्तेल्लानींचं आर्सेनिक त्यांच्यापाशीच राहू द्या.

चकती ०.३ मिलिमीटर पत्र्याची कापा, आधी एकदा लाल करून मऊ करा आणि मग बोट न लावता स्वच्छ करा. बोटाचा तेलकटपणा असेल तिथे रवा धरत नाही. सुईने फार हलक्या रेघा ओढून त्रिकोण आखा. त्रिकोणच का? कारण सारख्या मापाचे रवे एकमेकांना भिडवले की ते आपोआप तसेच बसतात: एक, दोन, तीन, चार, पाच. पाच ओळींत पंधरा रवे. तुम्ही नुसती पहिली बाजू सरळ ठेवा, बाकीचे आपली जागा शोधतात. एट्रुस्कन कामात हे त्रिकोण जागोजागी दिसतात, आणि मला वाटतं त्याचं कारण सौंदर्याइतकंच आळसाचंही असावं.

ब्रश दोन-तीन केसांचा घ्या. त्रिकोणाच्या जागेवर लेपाचा पातळ हात फिरवा, मग ब्रशचं टोक जरा ओलं करून त्यानेच रवा उचला. चिमट्याने पाव मिलिमीटरचा रवा उचलला तर तो उडतो आणि पुन्हा कधीच सापडत नाही. घड्याळाच्या स्क्रूचंही असंच असतं. रवा ठेवायचा, ब्रश बाजूला घ्यायचा आणि मगच श्वास सोडायचा. लेप रव्याच्या कमरेपर्यंत चढला तर जास्त झाला, कोरड्या ब्रशने टिपून घ्या. जास्तीचं तांबं म्हणजे रव्यांमधली फट पुन्हा बुजली, डाकेसारखी.

मग वाळवायचं. मी पहिल्या चकतीला अर्धा तास दिला आणि ज्योत जवळ नेली. लेपातल्या पाण्याला उकळी फुटली आणि रवे लाह्यांसारखे उडाले. भिंगात ते उडताना दिसतात, दृश्य मजेदार असतं, पण चार तासांचं काम जातं. आता मी चकती रात्रभर ठेवतो आणि सकाळी गरम तव्याच्या कडेला आणखी तासभर.

आग. दिवा मंद करा, कारण लाल रंगाच्या छटा उजेडात दिसत नाहीत. चकती कोळशाच्या तुकड्यावर ठेवा, बाजूने आणखी दोन तुकडे लावून कोनाडा करा. ज्योत मऊ, पिवळसर, भुरभुरीत हवी. निळी टोकदार ज्योत ऑक्सिजन घेऊन येते आणि कोळशाने केलेलं काम उलटवते. खोलीला हवा हवी, पण चकतीवर वारा नको. ज्योत गोल फिरवत ठेवा, आधी कोळसा तापू द्या आणि चकतीला त्याची ऊब लागू द्या. रवे पत्र्यापेक्षा फार लहान असतात. ज्योत थेट त्यांच्यावर धरली तर पत्रा तापायच्या आधी तेच वितळतात.

पहिल्यांदा सगळं काळं पडतं. घाबरू नका, तो जळलेला डिंक आहे. मग मळकट लाल, मग चेरीसारखा लाल, मग त्यात नारिंगी झाक. इथून पुढे पापणी मिटायची नाही. एका क्षणी रव्यांच्या बुडाशी एक लकाकी पळते, ओल्या वाळूवरून लाट परतताना चमकते तशी. ती त्रिकोणाच्या एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात जाते, सेकंदभरात. ती पोचली की ज्योत काढा. पोचायच्या आधी काढली तर टोकाचे रवे सुटतात. "अजून एकदा खात्री करू" म्हणून धरून ठेवली तर सगळा त्रिकोण पाघळून पत्र्यात बसतो आणि तिथे नुसता फुगवटा राहतो. माझ्या नऊपैकी सहा चकत्या या खात्री करून घेण्यात गेल्या.

चार-पाच त्रिकोण असतील तर एकदम भाजा. पुन्हा पुन्हा आगीत घातलं तर आधीचे जोड प्रत्येक वेळी थोडे आणखी पसरतात.

थंड झाल्यावर पातळ, कोमट सायट्रिक आम्लात ठेवा, काळेपणा जातो. मऊ ब्रशने धुवा आणि सुईच्या टोकाने प्रत्येक रव्याला बाजूने हलकंच ढकलून बघा. निसटला तर निसटू द्या, त्या जागी लेप लावून नवा ठेवा. घासून जिल्हई करू नका. रव्यांची डोकी सपाट झाली की उजेड त्यांच्यावरून घसरतो आणि चकती झटक्यात यंत्रातून निघाल्यासारखी दिसते.

कडेला तार हवी असेल तर तीही जुन्या रीतीने करा, फार अवघड नाही. आपण तार पट्टीच्या भोकातून ओढतो, म्हणून तिच्यावर लांबीच्या दिशेने बारीक समांतर ओरखडे येतात. एट्रुस्कन आणि ग्रीक सोनार पातळ पत्र्याची अरुंद पट्टी पिळत आणि दोन सपाट फळ्यांमध्ये लाटून गोल करत. त्या तारेवर मळसूत्रासारखी शिवण फिरते. ती चुकूनही घासून काढू नका. जुनं आणि नवं वेगळं करताना जाणकार आधी तीच शोधतात. लूव्ह्र संग्रहालयाने १८९६ मध्ये प्राचीन सिथियन राजा सायताफेर्नेसचा म्हणून सोन्याचा मुकुट दोन लाख फ्रँकना घेतला होता. १९०३ मध्ये सिद्ध झालं की तो ओडेसाच्या इस्राएल रुखोमोव्स्की या सोनाराने नुकताच घडवलेला आहे. मला त्या माणसाबद्दल आदरच वाटतो, काम त्याचं अव्वल होतं. पण तुमची चकती तुमचीच म्हणून सांगा. मी मागच्या बाजूला सुईने वर्ष कोरतो.

चकतीवर हात बसला की पुढचा नमुना म्हणून क्रीटच्या मालियातलं पदक भिंगाखाली अभ्यासा, ते हेराक्लिओनच्या संग्रहालयात आहे. दोन मधमाश्या समोरासमोर आणि त्यांच्यामध्ये मधाचं पोळं. एट्रुस्कनांच्याही हजारेक वर्षं आधीचं. पोळ्याच्या चकतीवर रवे आहेत, आणि एकंदर पदक पाच सेंटिमीटरही नाही. तिथे रवे मोठे आहेत, त्यामुळे शिकणाऱ्याला ओळी मोजता येतात. त्याउलट क्रिमियातल्या फिओदोसियाचे ग्रीक कानातले, सेंट पीटर्सबर्गच्या हर्मिटाज संग्रहालयातले, ज्यात विजयदेवता निके चार घोड्यांचा रथ हाकते, ते मी छायाचित्रात पाहिले आणि पुस्तक मिटून ठेवलं. काही गोष्टी फक्त बघायच्या.

माझी बारावी चकती, पहिली सोन्याची, घड्याळाच्या सुट्या भागांच्या जुन्या पत्र्याच्या डबीत आहे. डावीकडून तिसऱ्या त्रिकोणात चौथ्या ओळीतला दुसरा रवा बाकीच्यांपेक्षा जरा मोठा आहे. चाळणीतून निसटलेला. त्याच्यामुळे पाचवी ओळ तिरकी गेली. लेकीला भिंग दिलं तर ती म्हणते, "कुठे, बाबा? मला तर सगळे सारखेच दिसतात." मी तिला चौथी ओळ मोजायला सांगतो.